पाचव्या हप्त्याचं चलन

१

फाईल होती. फाईलची नाडी होती. नाडीत ओवलेले अकरा कागद होते. बारावा नव्हता.

मी तीन वेळा मोजले. फाईल उलटी करून झटकली, टेबलाखाली वाकलो, केराची टोपली जमिनीवर ओतली, शेवटी स्वतःच्या कोटाचे खिसे उलटे केले. खिशात विडीचं बंडल आणि बसचं तिकीट निघालं. चलन नाही ते नाहीच.

मी जोतीराम पोवार, यज्ञेश्वर देशिंगकर वकिलांचा कारकून. कोल्हापूरच्या कोर्टासमोरच्या माडीवर बावीस वर्षं काढली. डोकं तापट आहे, जीभ तिखट आहे, हे बायकोच काय, न्यायाधीशांचा पट्टेवालासुद्धा सांगेल. पण जोतीरामनं कागद हरवला असं म्हणणारा माणूस अजून जन्माला आला नव्हता. त्या शुक्रवारी तो जन्माला आला, आणि तो मीच होतो.

हरवलेला कागद साधासुधा नव्हता. त्र्याहत्तर सालच्या दुष्काळात सरकारनं कामावरच्या लोकांना खायला सुकडी वाटली. त्या सुकडीसाठी गूळ पुरवायचा ठेका शाहूपुरीतल्या श्रीपाल मगदुमांनी घेतला होता. सरकारकडनं आगाऊ पैसे घेतले, निम्मा गूळ पोचवला. उरलेला गोदामात होता तोवर पावसानं गाठलं आणि गुळाला पाणी सुटलं. भाव तर असे चढले की नवा घेऊन द्यायची ताकद राहिली नाही. सरकारनं दावा लावला. निकाल लागला साठ हजारांचा, पण कोर्टानं दया दाखवून बारा हप्ते पाडून दिले, सहा महिन्याला पाच हजार. अट एकच. लागोपाठ दोन हप्ते चुकले की सवलत रद्द, उरलेली रक्कम एकदम भरा, नाहीतर दुकानाचा लिलाव.

चार हप्ते बिनबोभाट गेले. पाचवा श्रीपालशेठ स्वतः खजिन्यात भरून आले, आणि पंधरा दिवसांत छातीत कळ येऊन गेले. बिचारीच्या, म्हणजे त्यांच्या बायकोच्या, चंदनावहिनींच्या हातून सहावा चुकला. एक चुकला तर चालतं. पण सरकारी वकिलानं कोर्टात दरखास्त टाकली की पाचवाही भरलेला नाही, दोन चुकले, लिलाव करा. पाचव्याची नोंद सरकारला सापडत नव्हती. चलनाचा नंबर-तारीख कुणाला ठाऊक नव्हती.

आणि मग गुरुवारी, म्हणजे चलन गेलं त्याच्या आदल्याच दिवशी, ते सापडलं होतं! जैनांच्या दशलक्षण पर्वात साफसफाई करताना श्रीपालशेठच्या आईनं, सीताबाई अक्कांनी, देव्हाऱ्याचं कपाट उघडलं, तर आत चलन. लेकानं आणून दिलं तेव्हा अक्कांनी रीतीप्रमाणं वर केशराचं बोट लावलं होतं, 'श्री वीतरागाय नमः' लिहिलं होतं, आणि ठेवून विसरल्या होत्या. मगदुमांच्या घरात कुठलाही महत्त्वाचा कागद आला की अक्का तेवढं केल्याशिवाय तो पुढं जाऊ देत नाहीत. यावरनं मी त्यांच्याशी भांडलोही होतो. "अक्का, कोर्टाचा कागद म्हणजे काय हळदीकुंकवाचं ताट न्हवं!" असं तोंडावर म्हणालो होतो.

गुरुवारी दुपारी मी ते चलन स्वतःच्या हातानं नाडीत ओवलं. नंबर उद्या जबाबात घालू म्हणून जागा कोरी सोडली. गाढव मी!

जिन्यावर पावलं वाजली. चंदनावहिनी आल्या होत्या, चेहरा नऊ महिन्यांत पहिल्यांदा हसरा.

"जोतीरामभाऊ, जबाब झाला का टाईप?"

२

त्या बाईला कसं सांगितलं ते मला आठवत नाही. त्या रडल्या नाहीत. नुसत्या खुर्चीच्या कडेवर बसल्या आणि म्हणाल्या, "म्हंजे गुरुवारी दुकान जाणार तर." सुनावणी पुढच्या गुरुवारी होती, अनंत चतुर्दशीच्या दुसऱ्या दिवशी.

देशिंगकर वकिलांनी चष्मा काढून पुसला. "जोतीराम, कागद तुमच्या ताब्यात होता. मी तुमच्यावर संशय घेत नाही. पण कोर्ट घेईल."

हे 'संशय घेत नाही' माझ्या काळजात काट्यासारखं रुतलं. मी तडक उठलो आणि गंगावेशीत अण्णा इंगवल्यांच्या दारात गेलो.

अण्णा म्हणजे कोर्टाचे निवृत्त बेलीफ. तीस वर्षं त्यांनी लोकांच्या घरात जप्त्या केल्या. सोनं, भांडी, दस्तऐवज, म्हैससुद्धा. त्यांच्यापासनं वस्तू लपवणं म्हणजे मांजरापासनं दूध लपवणं. पण माणूस मऊ. ज्याच्या घरात जप्ती केली त्याच्याच घरात चहा पिऊन यायचे.

सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "जोत्या, फाईल आण."

आणली. अण्णांनी कागदाला हात लावला नाही, नुसती नाडी बघितली. मग नाडीजवळची भोकं एकेक करून बघितली.

"एकतरी तुकडा अडकलाय का हितं? फाटका कोपरा?"

"न्हाय."

"चलन मधी ओवलं हुतंस न्हवं? सातवा कागद?"

"व्हय."

"मग चोरानं नाडीची गाठ सोडली, सहा कागद काढलं, चलन काढलं, सहा परत घातलं, गाठ मारली. दहा मिनटात माणूस आत येणार असंल, तर तू काय करशील?"

"हिसका मारून फाडून घीन."

"तू घेशील. मीबी घीन," अण्णा म्हणाले. "ह्यानं घेतलं न्हाय. का न्हाय, ते कळलं की माणूस कळला. खोलीत कोण कोण एकटं हुतं ते सांग."

त्या दिवशी वकीलसाहेबांनी कोर्टातनं मला तीनदा पुस्तकं घेऊन बोलावलं होतं, आणि तिन्ही वेळा माडीवर कुणीतरी बसलेलं होतं. मी तीन नावं सांगितली. तिसरं नाव ऐकून अण्णांची भुवई वर गेली.

३

पहिल्या होत्या लीलाबाई, पुरवठा कचेरीतल्या कारकून. दरखास्तीची नक्कल द्यायला आल्या होत्या. शनिवारी आम्ही त्यांच्या टेबलाशी उभे राहिलो, तर बाईंनी आम्हालाच फैलावर घेतलं.

"चोरी? मी? अहो, मगदुमांचं चलन सापडत नाही म्हणून कित्येक महिने साहेब माझ्यावर खेकसतात. ते सापडलं तर माझ्याच डोक्यावरचा धोंडा उतरेल. नंबर आणि तारीख द्या, एका तासात काढून देते."

बोलता बोलता त्या फाईल चाळत होत्या. दर पानाला जिभेला बोट. अण्णा ते बघत राहिले, मग नमस्कार करून निघाले.

दुसरे दादा चौगुले. चंदनावहिनींच्या दुकानासमोर त्यांची सिमेंटची वखार. एकेकाळी मोतीबागेत कुस्ती खेळलेला माणूस, आवाज असा की पलीकडच्या गल्लीतलं कुत्रं उठावं. लिलाव लागला की पहिली बोली माझी, असं त्यानं पेठेत छाती ठोकून सांगितलं होतं. शुक्रवारी माझ्याकडं आला होता तो आपल्या वखारीच्या एका कागदाचं विचारायला. मला तर वाटत होतं हाच चोर, आणि मी तोंडावर म्हटलंही.

"ए पावणं!" दादा गरजला. तंबाखू मळता मळता त्यानं चुन्याचं बोट माझ्या सदऱ्याकडं रोखलं. "मी दुकान घेणार तर चारचौघात बोली लावून घेणार. रांडमुंड बाईचा कागद चोरून घेणारा मी न्हवं. आणि आता तर तीबी लावणार न्हाय."

"का बरं?" अण्णांनी विचारलं.

"वर्धमानशेठ आलतं की. म्हणालं, दादा, लिलावात तू पडू नगंस, घरचं दुकान घरात ऱ्हाऊ दे, मी घेतो. मीबी म्हटलं, दिला शब्द."

"कधी आलतं?"

"गुरुवारी सांजच्याला. दिवा लावायच्या वक्ताला."

अण्णांनी हिशेब केल्यासारखं बोटांच्या पेरांवर काहीतरी मोजलं. मग दादाच्या पाठीवर थाप मारली आणि म्हणाले, "पैलवान, तुमचं लई उपकार झालं."

दादाला काही कळलं नाही. खरं सांगायचं तर मलाही नाही.

४

तिसरे हेच वर्धमानशेठ. श्रीपालशेठचे चुलतभाऊ, चंदनावहिनींचे दीर. दोन दुकानांच्या मधी एकच भिंत. माणूस असा धार्मिक की लोक उदाहरण द्यायचे. पाणी गाळून, जेवण सूर्य बुडायच्या आत, कांदा-लसूण घरात नाही, सकाळी बस्तीत, म्हणजे जैन मंदिरात, पूजा केल्याशिवाय दुकानाचं कुलूप उघडायचे नाहीत. यंदाच्या दशलक्षण पर्वाची सगळी व्यवस्था बस्तीच्या पंचांनी त्यांच्याकडंच दिली होती. शुक्रवारी ते माझ्याकडं आले होते ते वहिनींचा निरोप घेऊन. जबाब झाला का, एवढंच विचारायला.

"अण्णा, ह्यांच्यावर संशय घेतला तर पेठ आपल्याला जोड्यानं मारंल," मी म्हणालो.

"घेतला कुठं? चहा पाजायचाय नुसता."

त्याआधी अण्णा सीताबाई अक्कांकडं जाऊन आले. तिथनं त्यांनी एक जुनं बिल मागून आणलं होतं. फडताळाच्या लाकडाचं, आठ वर्षांपूर्वीचं, काही कामाचं नाही. पण वर केशराचं बोट होतं आणि अक्कांच्या अक्षरात देवाचं नाव.

मंगळवारी दुपारी शाहूपुरीतल्या चहाच्या दुकानात आम्ही तिघं बसलो. अण्णांनी खिशातलं ते बिल काढून टेबलावर टाकलं आणि त्यावर आपला गरम ग्लास ठेवला. वर्धमानशेठनी गाळणं मागवून आपला चहा परत गाळून घेतला.

"कायबी म्हणा अण्णा," ते म्हणाले, "कागद आता सापडत न्हाय. चोरानं कवाच जाळून टाकला असंल. वहिनींचं नशीब. मी हाय म्हणून दुकान घरात तरी ऱ्हाईल." आणि त्यांनी असा उसासा टाकला की मलाच रडू यायला लागलं. तेवढ्यात त्यांची नजर ग्लासाखाली गेली.

"अहो अण्णा! त्यावर नाव हाय!"

त्यांनी झटकन ग्लास उचलला. बिलावर चहाचं गोल वर्तुळ उमटलं होतं. आपल्या पांढऱ्या उपरण्यानं त्यांनी ते हलक्या हातानं टिपलं, बिल कपाळाला लावलं आणि घडी करून खिशात ठेवलं.

"रद्दी हाय हो शेठ, द्या चुलीत टाकून," अण्णा म्हणाले.

"छे छे! नाव असलेला कागद फाडायचा न्हाय, जाळायचा न्हाय, पायदळी पडू द्यायचा न्हाय. आमच्या बस्तीत त्यासाठी पेटी हाय. फाटक्या पोथ्या, असलं कागद त्यात ठेवतो. पर्व संपलं की दुसऱ्या दिवशी सकाळी पंचगंगेत सोडतो. परवा सकाळीच जाणार हाय."

"व्हय का?" अण्णा म्हणाले. "चांगली रीत हाय."

वर्धमानशेठ गेले. अण्णांनी माझा हात इतका घट्ट धरला की हाडं वाजली.

"जोत्या, चलन सापडलं!"

५

"कुठं सापडलं? मला तर काय दिसंना!" मी ओरडलो. चहावाल्यानं वळून बघितलं.

"हळू बोल की! ऐक. लीलाबाई कागद चोरंल तर तिचाच तोटा, आणि तिचं ओलं बोटबी कुठल्या पानावर न्हाय, ते सोड. दादाच्या हाताला सदा चुना. त्यानं नाडी सोडली असती तर अकराच्या अकरा कागदांवर पांढरी बोटं दिसली असती. फाईल लख्ख हाय. आता दादा काय म्हणाला ते आठव. वर्धमान त्याला कवा भेटला?"

"गुरुवारी सांजच्याला."

"आणि चलन सापडलं कवा?"

"गुरुवारी... दुपारी!" माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. "वहिनी ते माझ्याकडं घेऊन आल्या तवा वर्धमानशेठ सोबतच हुतं! त्यांच्या डोळ्यांदेखत मी ते ओवलं!"

"मग? चलन सापडलं म्हंजे लिलाव टळला. पेढं वाटायचं सोडून हा माणूस त्याच सांजच्याला दादाला सांगतोय, लिलावात पडू नगंस. लिलाव हुणारच, हे त्याला कसं ठावं? चलन गेलं शुक्रवारी. ह्याला ते गेल्याचं गुरुवारीच कळलं हुतं."

मी तर उभाच राहिलो. अण्णांनी मला खांदा धरून बसवलं.

"तीस वर्षं जप्त्या केल्या जोत्या. माणूस चोरीत बदलत न्हाय. पैलवान चोरून ठेवतो लंगोटाच्या ट्रंकेत, मास्तर पुस्तकात, सून पिठाच्या डब्यात. जिथं त्याचा रोजचा हात जातो, तिथंच. वर्धमाननं बाईचं दुकान गिळायला कमी केलं न्हाय. पण देवाचं नाव असलेला कागद फाडायला त्याचा हात धजंना. म्हणून दहा मिनटात गाठ सोडून, सहा कागद काढून, सावकाश काढला. मग जाळवंना, फेकवंना. घरात ठेवला तर बायको बघंल. तर कुठं ठेवील?"

"पेटीत," मी म्हणालो. "आणि परवा सकाळी त्यो पंचगंगेत."

"पुण्यबी पदरात, पापबी पाण्यात. असा मेळ घातलाय गड्यानं."

मला हसू आलं आणि संतापही आला. पाणी गाळून पिणाऱ्या माणसानं वहिनीचं घर न गाळता गिळायला घेतलं होतं!

पण एक अडचण होती. बस्तीतली पेटी उघडा म्हणायला आम्ही कोण? बेलीफगिरी संपून सहा वर्षं झाली होती अण्णांची. आणि कोर्टाकडनं हुकूम आणायला वेळ नव्हता. दुसऱ्या दिवशी अनंत चतुर्दशी, कोर्टाला सुट्टी.

"ती पेटी एकच माणूस उघडायला लावू शकतो," अण्णा म्हणाले आणि थेट अक्कांच्या घराकडं चालू लागले.

६

अनंत चतुर्दशीच्या सकाळी बस्ती माणसांनी भरली होती. बाहेर पेठेत गणपतीचे ढोल घुमत होते, आत पूजा चालली होती. अण्णा आणि मी चपला काढून मंडपाच्या कडेला उभे राहिलो. वर्धमानशेठ पांढऱ्या धोतरात सगळीकडं धावत होते. 'इकडं बसा, तिकडं बसा' चाललं होतं.

पूजा संपली आणि सीताबाई अक्का उठल्या. पंच्याहत्तरीची बाई, पाठीत वाकलेली, हातात काठी. मागं चंदनावहिनी. अक्का सरळ कोपऱ्यातल्या लाकडी पेटीपाशी गेल्या.

"वर्धमाना, ही उघड."

वर्धमानशेठचा चेहरा उतरला.

"काकी, उद्या पंचगंगेला जायची हाय ती. बांधून ठेवलीया."

"बांधलेलं सोडता येतं. माझ्या हातचं नाव लिहिलेला एक कागद चुकून गेलाय त्यात. मला बघायचाय."

"आज चतुर्दशी, काकी... आज कशाला..."

बस्तीचे उपाध्ये पुढं आले. "वर्धमानशेठ, अक्कांना बघू द्या की. त्यांचाच तर हात हाय त्या कागदावर."

"किल्ली कुणाकडं असती, उपाध्ये?" मागनं अण्णांनी सहज विचारल्यासारखं विचारलं.

"यंदा शेठकडंच. पर्व सुरू झाल्यापासनं मीबी उघडली न्हाय."

वर्धमानशेठनी कमरेच्या करगोट्यातली किल्ली काढली. पण ती कुलपाला लावेनात. शेवटी चंदनावहिनींनी त्यांच्या हातातनं ती घेतली आणि स्वतः कुलूप उघडलं.

वरच ते फडताळाचं बिल होतं, चहाचं वर्तुळ असलेलं. खाली एका पोथीची सुटी पानं, कुणाची तरी लग्नपत्रिका, देवाचं चित्र असलेलं एक कॅलेंडर. अक्का एकेक कागद कपाळाला लावून बाजूला ठेवत होत्या. पेटी रिकामी होत चालली, आणि अण्णांच्या कपाळावरही घाम दिसायला लागला.

मग तळाशी एका पिवळ्या फडक्यात गुंडाळलेली घडी निघाली. अक्कांनी फडकं सोडलं. फिकट झालेलं केशराचं बोट. 'श्री वीतरागाय नमः.' खाली खजिन्याचा गोल शिक्का, आणि नंबर, आणि तारीख!

"माझ्या लेकाची सही," अक्का म्हणाल्या आणि अक्षरांवरनं बोट फिरवलं. मी खोटं सांगत नाही, माझ्या डोळ्यांतनं घळाघळा पाणी आलं. बावीस वर्षांत कागद बघून रडलो तो एकदाच.

वर्धमानशेठ भिंतीला टेकले होते. कुणीतरी म्हणालं पोलिसांत द्या, कुणी म्हणालं पंच बसवा. माझ्या हाती असतं तर तिथंच चपलेनं... पण मी अनवाणी होतो आणि जागा देवाची होती.

अक्का त्यांच्यासमोर काठी टेकून उभ्या राहिल्या.

"कागद फाडला न्हाईस, जाळला न्हाईस. तेवढं तुझं पुण्य, ते तुझ्याकडंच ऱ्हाऊ दे. पर्वाची किल्ली पंचांकडं दे. आणि उद्या कोर्टात येऊन बस. दुकान कुणाचं ठरतंय ते डोळ्यांनी बघ."

७

गुरुवारी अकरा वाजता कोर्टात पाय ठेवायला जागा नव्हती. अर्धी शाहूपुरी लोटली होती. दादा चौगुले पहिल्या बाकावर छाती काढून बसला होता, जणू खटला त्याचाच. वर्धमानशेठ शेवटच्या बाकावर, मान खाली.

सरकारी वकील उठले. "पाचवा आणि सहावा, लागोपाठ दोन हप्ते थकलेले आहेत. सवलत आपोआप रद्द झाली. लिलावाचा हुकूम व्हावा."

आमचे देशिंगकर वकील सावकाश उठले. त्यांना घाई कधीच नसते, त्यावरनंही मी भांडतो. त्या दिवशी मात्र ती संथ चाल बघून मला आनंदाच्या उकळ्या फुटत होत्या. त्यांनी चलन न्यायाधीशांपुढं ठेवलं.

न्यायाधीशांनी ते उजेडात धरलं. "हा वर पिवळा डाग कसला आहे?"

"साहेब, तो डाग नाही. हा कागद आज कोर्टात आहे तो त्याच्यामुळेच." आणि वकीलसाहेबांनी पेटीची सगळी हकीकत सांगितली.

न्यायाधीशांनी चष्म्यावरनं शेवटच्या बाकाकडं बघितलं. वर्धमानशेठची मान आणखी खाली गेली. सरकारी वकील म्हणाले, चलन खरं कशावरून? खजिन्यात नोंद कुठं आहे? न्यायाधीशांनी तासाभराची मुदत दिली. लीलाबाई त्या चलनाचा नंबर आणि तारीख हातावर लिहून घेऊन अक्षरशः पळत सुटल्या.

तो तास! मी चार विड्या ओढल्या, अण्णा मात्र बाकावर डोळे मिटून बसले होते. चंदनावहिनी उभ्याच होत्या. दादानं उसाचा रस मागवला आणि सगळ्यांना पाजला. वर्धमानशेठनाही एक ग्लास पाठवला. त्यांनी तो न गाळताच प्याला.

लीलाबाई परत आल्या त्या धापा टाकत आणि हसत. "सापडलं! श्रीपालशेठनी खात्याचा आकडा लिहिताना चूक केली होती. त्यामुळे पैसे आमच्याकडं न येता शेळ्या-मेंढ्यांच्या खात्यात जाऊन बसलेत. पाच हजार, पुरे, वेळेच्या आत!"

कोर्टात हशा पिकला. गुळाचे पाच हजार नऊ महिने मेंढरं राखत होते! न्यायाधीशसुद्धा रुमालात हसले, मग गंभीर झाले आणि हुकूम सांगितला. पाचवा हप्ता मुदतीत भरलेला आहे. चुकला तो एकच. सवलत कायम. सहावा हप्ता पंधरा दिवसांत भरावा. सरकारची दरखास्त फेटाळली.

"पंधरा दिवस कशाला, साहेब?" चंदनावहिनींचा आवाज सगळ्या कोर्टात घुमला. त्यांनी पिशवीतनं नोटांची पुडी काढून वर धरली. "सहावा आत्ता भरते!"

दादा चौगुलेनं अशी आरोळी ठोकली की पट्टेवाला धावत आला. न्यायाधीशांनी त्याला बाहेर काढायचा हुकूम दिला. बाहेर जाऊनही तो ओरडतच होता.

दुसऱ्या दिवशी क्षमावाणी होती. जैन लोक त्या दिवशी घरोघरी जाऊन वर्षभराच्या चुकांची क्षमा मागतात. मी सहाव्या हप्त्याचं नवं चलन घेऊन शाहूपुरीत पोचलो, तेव्हा वर्धमानशेठ दुकानाच्या पायरीखाली हात जोडून उभे होते. आत गुळाचे रवे रचलेले, गल्ल्यावर चंदनावहिनी, बाजूला अक्का.

"उत्तम क्षमा, काकी. वहिनी, उत्तम क्षमा."

"क्षमा केली," अक्का म्हणाल्या. चंदनावहिनींनी एक क्षण त्यांच्याकडं बघितलं आणि हात जोडले.

"क्षमा केली, भावजी. पण मधली भिंत हाय तशीच ऱ्हाईल."

ते गेले. मी अक्कांपुढं जाऊन बसलो आणि नवं चलन पुढं केलं. पलीकडं देवापुढं केशराची वाटी होतीच, ती मीच उचलून आणली.

"अक्का, आधी नाव घाला. मग मी नाडीत ओवतो."

अक्कांनी डोळे बारीक केले. "कोर्टाचा कागद म्हंजे हळदीकुंकवाचं ताट न्हवं, म्हणालतास की रं जोतीराम?"

"म्हणालतो. गाढव हुतो. घाला की आता!"

म्हातारी तोंडभर हसली. केशरात बोट बुडवलं आणि सहाव्या चलनावर टेकवलं. त्याच्या शेजारी पडलेलं जरासं केशर तिनं पुसलं नाही, मीही पुसू दिलं नाही. पुढचे सहाही हप्ते असेच गेले. बाराव्याचं चलन मी आणलं तेव्हा अक्का अंथरुणाला खिळल्या होत्या. त्यांचा हात धरून मीच ते बोट टेकवलं, आणि बाहेर येऊन दुकानाच्या पाटीवरची धूळ माझ्या उपरण्यानं पुसली. पाटीवर अजून श्रीपाल मगदूम असंच नाव आहे.